अकरा वेळा निवडून आलेले आमदार



मंठ्याच्या आमच्या संध्याकाळच्या वर्गात परवा एका मावशींनी विचारले, "गुर्जी, आमदार म्हंजी लई मोठा साहेब असतो ना?"

मी म्हणालो, "मावशी, त्याला तिथे पाठवते कोण?"

"आम्हीच की!"

"मग मोठे कोण?"

मावशी हसल्या. सारा वर्ग हसला. पण प्रश्न हसण्यावारी नेण्यासारखा नव्हता. म्हणून आज आमदारकीचाच धडा घेऊ.

आमदाराचे काम

आपल्या महाराष्ट्राचे २८८ मतदारसंघ आहेत. आपला मंठा तालुका परतूर मतदारसंघात येतो. प्रत्येक मतदारसंघातून एक आमदार निवडून जातो. त्याची मुदत पाच वर्षांची. आमदार होण्यास वय निदान २५ वर्षे लागते. मत देण्यास १८ वर्षे पुरतात.

हे २८८ आमदार मुंबईला विधानसभेत बसतात. हिवाळ्यात ही सभा नागपूरला भरते. तेथे राज्याचे कायदे होतात. सरकारने कशावर किती पैसा खर्चावा, याला तेथे मंजुरी मिळते. आणि आमदार मंत्र्यांना प्रश्न विचारतात. अमक्या गावचा रस्ता का रखडला? तमक्या तलावाचे काम का थांबले? मंत्र्याला उत्तर द्यावे लागते. घरच्या कारभाऱ्याला आपण हिशेब विचारतो ना, तसेच हे.

आता हे काम सुमारे पन्नास वर्षे करणाऱ्या एका माणसाची गोष्ट ऐका.

सांगोल्याचे आबासाहेब

सोलापूर जिल्ह्यात सांगोला तालुका आहे. आपल्यापासून तो दूर आहे, पण दुःख आपल्यासारखेच. पाऊस कमी, विहिरी कोरड्या, जनावरांना चारा नाही. अशा तालुक्याचे आमदार होते गणपतराव देशमुख. लोक त्यांना आबासाहेब म्हणत.

त्यांचे मूळ गाव मोहोळ तालुक्यातील पेनूर. ते वकील झाले आणि सांगोल्यात राहून लोकांची कामे करू लागले. १९६२ साली ते शेतकरी कामगार पक्षातर्फे प्रथम निवडून आले. पुढे त्याच मतदारसंघातून ते एकूण अकरा वेळा निवडून आले. शेवटची निवडणूक त्यांनी २०१४ साली जिंकली. तेव्हा वयाची ऐंशी वर्षे उलटून गेली होती.

त्यांचा पक्ष लहान. सत्ता बहुतेक वेळ दुसऱ्यांची. तरी त्यांनी पक्ष बदलला नाही. मंत्रिपद दोनदा मिळाले, १९७८ साली आणि १९९९ साली. दुसऱ्या वेळी रोजगार हमीचे खाते त्यांच्याकडे होते. रोजगार हमी आपल्याला नवी नाही. १९७२ च्या दुष्काळात आपल्या घरच्या वडीलधाऱ्यांनी खडी फोडली, बांध घातले, ते याच कामांवर. पुढे १९७७ साली तिचा कायदा झाला. काम मागणाऱ्याला काम द्यावे, असे तो कायदा सांगतो. असे कायदे विधानसभेतच होतात, हे ध्यानात ठेवा.

मंत्रिपद आले आणि गेले. आबासाहेबांची राहणी मात्र साधीच राहिली. आमदार असूनही ते एसटीने प्रवास करत. शेजारच्या बाकावर बसलेला शेतकरी आपले गाऱ्हाणे तिथल्या तिथे सांगू शके.

पाण्याचे काम सर्वांत अवघड. १९९३ पासून सातारा, सांगली, सोलापूर या जिल्ह्यांतील १३ दुष्काळी तालुक्यांचे लोक एकत्र येऊ लागले. कृष्णेचे पाणी आम्हांलाही द्या, ही त्यांची मागणी. क्रांतिवीर नागनाथअण्णा नायकवडी या चळवळीचे पुढारी होते. आबासाहेबही तिच्यात होते. नदी खाली, शेते वर. तेव्हा पाणी पंपाने उचलून चढावर न्यावे लागते. यालाच उपसा सिंचन म्हणतात. कराडजवळची टेंभू योजना अशीच आहे. हे काम एका वर्षाचे नाही, एका माणसाचेही नाही. वर्षानुवर्षे मागे लागावे, तेव्हा कालवा पुढे सरकतो.

सांगोल्यात सहकारी सूतगिरणी उभारण्यातही त्यांचा पुढाकार होता. कापूस पिकवणाऱ्या आपल्या भागाला सूतगिरणीचे मोल सांगायला नको.

दोनदा हार

एवढे काम केले, तरी लोकांनी त्यांना दोनदा घरी बसवले. १९७२ साली ते हरले. १९७४ च्या पोटनिवडणुकीत पुन्हा निवडून आले. १९९५ साली परत हरले. किती मतांनी? फक्त १९२ मतांनी! आमच्या शाळेच्या चार-पाच वर्गांत मावतील एवढी ही माणसे.

आता गणित करा. जिंकणाऱ्याला पडलेल्या मतांपैकी ९७ मते आबासाहेबांकडे वळली असती, तर निकाल फिरला असता.

मी एकदा मतदान केंद्रावर कामाला होतो. एक गृहस्थ बाजार आटोपून दार बंद झाल्यावर आले. मी म्हटले, "वेळ संपली." ते म्हणाले, "जाऊ द्या गुर्जी, एका मतानं काय होतंय?" तेव्हा मला उत्तर सुचले नाही. आज मी त्यांना १९२ हा आकडा सांगितला असता.

हरल्यावर आबासाहेबांनी तालुका सोडला नाही. लोकांत राहिले. १९९९ साली लोकांनी त्यांना पुन्हा निवडले. २०१९ साली ते स्वतःहून निवडणुकीपासून दूर राहिले. ३० जुलै २०२१ रोजी सोलापुरात त्यांचे निधन झाले.

आपण काय करायचे?

तुम्ही कोणाला मत द्यावे, हे मी सांगणार नाही. तो तुमचा अधिकार आहे. पूर्वी अक्षर येत नसे, म्हणून आपण नुसते चिन्ह पाहून मत देत होतो. आता चिन्हाशेजारचे नावही तुम्हांला वाचता येते. ते वाचा. मतदार यादीत आपले नाव आहे का, तेही वाचा. निवडून आलेल्याने पाच वर्षांत काय केले, ते विचारा. लागलेच तर अर्ज लिहा. अंगठ्याच्या जागी आता तुमची सही आहे.

चाकरी चांगली झाली तर पुन्हा ठेवावे, नाही तर बदलावे. सांगोल्याने तेच केले. मालक आपणच आहोत.

शब्दांचे अर्थ
मतदारसंघ – एक आमदार निवडून देणारा भाग
पोटनिवडणूक – मुदतीआधी जागा रिकामी झाल्यास होणारी निवडणूक
उपसा सिंचन – पाणी उचलून शेतीला देणे
गाऱ्हाणे – तक्रार

प्रश्न
१. आपला तालुका कोणत्या मतदारसंघात येतो?
२. आमदाराची कोणतीही दोन कामे सांगा.
३. आबासाहेब १९९५ साली किती मतांनी हरले? त्यावरून काय शिकावे?
४. तुमच्या गावची एक अडचण पाच ओळींत लिहा. खाली सही करा.