अज्ञान मुलाचा जमिनीतील हिस्सा : विक्रीपूर्वी काय पाहावे

जमीन विकण्याचा प्रसंग कोणाही शेतकऱ्यावर येऊ नये, परंतु तो येतो. आपल्या जिल्ह्यातील पारनेर, कर्जत, जामखेड यांसारख्या कोरडवाहू भागात दोन पावसाळे हुकले की कर्ज, आजार व मुलीचे लग्न ही तिन्ही एकदम दारी उभी राहतात. अशा वेळी सातबाऱ्यावर अज्ञान मुलाचे नाव असले, तर 'आईने सही केली म्हणजे झाले' अशा समजुतीने खरेदीखत करून दोन्ही पक्ष मोकळे होतात. माझी उमेद महसूल दप्तरात गेली. या एका समजुतीपायी उभे राहिलेले कज्जे मी पुष्कळ पाहिले. म्हणून हिंदु कायद्याचा हा भाग येथे सोपा करून मांडीत आहे.

प्रथम हे ध्यानात धरावे की, अठरा वर्षे पूर्ण न झालेल्या मुलाने स्वतः केलेला करार मुळातच निरर्थक होय. त्याच्या वतीने दुसऱ्या कोणी विक्री करावयाची, तर पहिला प्रश्न असा की, मुलाचा हिस्सा एकत्र कुटुंबातील अविभक्त आहे, की त्याचा स्वतंत्र आहे? सर्व काही या एका प्रश्नावर अवलंबून आहे.

सातबाऱ्यावर 'ए.कु.क.' म्हणजे एकत्र कुटुंब कर्ता, किंवा 'अ.पा.क.' म्हणजे अज्ञान पालनकर्ता, अशी अक्षरे आढळतात. ती पाहून अंदाज बांधता येतो, परंतु निर्णय करता येत नाही. फेरफाराची नोंद हा मालकीचा अखेरचा पुरावा नव्हे. जमीन कोणाकडून व कोणत्या हक्काने आली, हे जुन्या फेरफारांवरून शोधून काढावे.

(१) अविभक्त हिस्सा. वडिलोपार्जित एकत्र जमिनीत मुलाला जन्मतः हक्क असतो. मुलीलाही तो हक्क सन २००५ च्या दुरुस्तीने मिळाला असून, सर्वोच्च न्यायालयाने सन २०२० मध्ये तो अधिक स्पष्ट केला आहे. अशी जमीन कुटुंबाचा कर्ता अज्ञानाच्या हिश्श्यासह विकू शकतो, व त्यास न्यायालयाची पूर्वपरवानगी लागत नाही; असे सर्वोच्च न्यायालयाने सन १९९६ मध्ये ठरविले. परंतु विक्री कायदेशीर गरजेसाठी किंवा इस्टेटीच्या हितासाठी असली पाहिजे. औषधपाणी, लग्नकार्य, सरकारी देणे, जमीन वाचविण्याचा खर्च ही गरज होय. कर्त्याचे व्यसन किंवा चैन ही गरज नव्हे.

(२) स्वतंत्र हिस्सा. येथे सन १९५६ चा हिंदु अज्ञानत्व व पालकत्व कायदा लागू होतो. त्याच्या कलम ८ प्रमाणे आईबापांनाही न्यायालयाच्या पूर्वपरवानगीशिवाय अज्ञानाची जमीन विकता, गहाण ठेवता किंवा बक्षीस देता येत नाही. पाच वर्षांहून अधिक मुदतीचा, किंवा मूल सज्ञान झाल्यानंतर एक वर्षापलीकडे जाणारा पट्टाही देता येत नाही.

चूक होते ती येथेच. समजा, एका गृहस्थाने स्वकष्टाने सहा एकर जमीन घेतली व मृत्युपत्र न करता तो वारला. त्याची आई पूर्वीच निवर्तलेली. मागे पत्नी, एक मुलगा व एक मुलगी, दोन्ही मुले अज्ञान. सन १९५६ च्या वारसा कायद्याने तिघांस प्रत्येकी दोन एकर येतात, व हे हिस्से ज्याचे त्याचे स्वतंत्र असतात. घर एक, चूल एक, म्हणून जमीन एकत्र कुटुंबाची ठरत नाही. आई आपले दोन एकर विकू शकेल. मुलांच्या चार एकरांसाठी तिने जिल्हा न्यायालयाकडे अर्ज केला पाहिजे. अर्जात गरज कोणती, किंमत किती व मुलांच्या पैशाची तजवीज काय, हे स्पष्ट लिहावे. गरज किंवा मुलांचे उघड हित दिसल्यावाचून न्यायालय परवानगी देत नाही.

जमीन वडिलोपार्जित असून मागे केवळ आई व अज्ञान मुले उरली असतील, तर गुंता अधिक. विधवा आई कर्ता होऊ शकत नाही, असे सर्वोच्च न्यायालयाने सन १९६५ मध्ये म्हटले आहे. शिवाय मृत बापाच्या वाट्याचा भाग वारशाने येतो तो वेगळाच. अशा प्रसंगी वकिलाचा सल्ला घेऊन न्यायालयाकडे जाणे हाच सुरक्षित मार्ग होय.

(३) घेणाऱ्याचे कर्तव्य. गरज होती, किंवा आपण प्रामाणिकपणे चौकशी केली होती, हे सिद्ध करण्याचा भार खरेदीदारावर असतो. प्रिव्ही कौन्सिलने सन १८५६ मध्ये हनुमानप्रसाद पांडे यांच्या खटल्यात घालून दिलेले हे तत्त्व आजही चालते. खरेदीखतात 'घरखर्चासाठी' एवढे शब्द घालून भागत नाही. सोसायटीची बाकी, दवाखान्याची बिले, यांच्या नकला जपून ठेवाव्यात.

(४) मुदत. पालकाने परवानगीवाचून केलेली विक्री आपोआप रद्द होत नाही. मुलाने ती रद्द करवून घ्यावी लागते, व त्यासाठी सज्ञान झाल्यापासून तीन वर्षांत दावा लावावा लागतो. सन २००१ च्या विश्वंभर विरुद्ध लक्ष्मीनारायण या खटल्यात आईने परवानगीवाचून विक्री केली होती. तरी खरेदीखत रद्द करण्याची मागणी मुदतीनंतर आल्यामुळे मुलांचा दावा बुडाला. सज्ञान झाल्यावर स्पष्ट वर्तनानेही अशी विक्री नाकारता येते, असे सर्वोच्च न्यायालयाने सन २०२५ मध्ये सांगितले आहे. तथापि त्यावर विसंबून तीन वर्षे दवडू नयेत.

सन १८७५ मध्ये पुणे व नगर जिल्ह्यांतील शेतकऱ्यांनी सावकारांचे दस्तऐवज जाळले. न समजता केलेल्या अंगठ्यांनी जमिनी जात होत्या, हे त्यामागील मोठे दुःख होते. आज कागद वाचणारे घरोघर आहेत. ज्या मुलाला अजून बोलता येत नाही, त्याची जमीन विकताना मोठ्यांनी तो कागद त्याच्या वतीने दोनदा वाचावा. परवानगीस काही महिने लागतील. परंतु तिच्यावाचून घेतलेले शेत घेणाऱ्यासही वर्षानुवर्षे निश्चिंतपणे नांगरता येत नाही.