जुना मोबाईल, नवा कॉम्प्युटर आणि मधला दलाल

आमचा धंदा कापडाचा. पण मोबाईलने आम्हालाही एक धडा दिला. आमचा जुना मोबाईल लोगोवरच अडकला. त्यात कारागिरांच्या हिशेबाचे फोटो होते. वांद्र्यातील एका दुकानात तो दिला. तेथील मुलाने ‘फॉरमॅट ऑल’ दाबले. मोबाईल चालू झाला, पण हिशेब गेला, आणि आयएमईआय नंबर पुसल्याने फोनही लागेना. पुढे स्टेशनजवळच्या एका जाणत्या कारागिराशेजारी बसून आम्ही हे काम पाहिले. दुरुस्तीचा धंदा करणाऱ्या आपल्या तरुणांसाठी ते येथे देत आहोत.

मोबाईल आणि कॉम्प्युटर यांच्यामधला दलाल म्हणजे ड्रायव्हर. तो नसेल तर सौदाच होत नाही. जुन्या स्वस्त मोबाईलमध्ये बहुधा तैवानच्या मीडियाटेक कंपनीची चिप असते. असा मोबाईल बंद करून केबल लावली की तो दोन-तीन सेकंदच ‘प्रीलोडर’ म्हणून हजर होतो आणि लगेच चार्जिंगला लागतो. तेवढ्यात ड्रायव्हर शोधणार कोण? म्हणून तो आधीच बसवून ठेवावा लागतो.

दुसरी अडचण सहीची. जुन्या ड्रायव्हरवर डिजिटल सही नसते. विंडोज ७ इशारा देऊन चालवून घेत असे. २०१२ साली आलेल्या विंडोज ८ पासून साफ नकार मिळतो. त्यासाठी शिफ्ट दाबून ‘रीस्टार्ट’ करावे, ‘ट्रबलशूट’मधून ‘स्टार्टअप सेटिंग्ज’पर्यंत जावे आणि ७ चा आकडा दाबावा. सहीची तपासणी तेवढ्यापुरती थांबते. कॉम्प्युटर पुन्हा सुरू केला की ती आपोआप चालू होते. तपासणी थांबली म्हणजे दरवाजा उघडा. तेव्हा कोठूनही उतरवलेली फाईल बसवू नये.

मग ‘डिव्हाइस मॅनेजर’मध्ये सर्वांत वरचे कॉम्प्युटरचे नाव निवडून ‘ॲक्शन’ मेनूतून ‘ॲड लेगसी हार्डवेअर’ घ्यावे, यादीतून स्वतः निवडण्याचा पर्याय धरावा आणि ‘हॅव डिस्क’वर आयएनएफ फाईल दाखवावी. शेवटी पिवळी खूण आणि ‘कोड १०’ दिसतो. आम्हालाही तो दोषच वाटला होता. पण मोबाईल जोडलेलाच नसतो, म्हणून ती खूण येते. कित्येक जण येथेच घाबरून पुन्हा पुन्हा ड्रायव्हर काढतात आणि बसवतात.

आता खरे काम. फ्लॅश टूलमध्ये त्याच मॉडेलची स्कॅटर फाईल घ्यावी, ‘रीडबॅक’ने एनव्हीरॅमची प्रत आधी काढून ठेवावी, ‘डाउनलोड ओन्ली’ निवडावे आणि ‘युजरडेटा’समोरची खूण काढावी. गिऱ्हाइकाचे फोटो व हिशेब याच भागात असतात.

एनव्हीरॅममध्ये आयएमईआय नंबर असतो. तो पुसला गेल्यावर दुसराच नंबर टाकून देणारे बाजारात भेटतात. २०१७ च्या केंद्र सरकारच्या नियमांनी मोबाईल बनवणाऱ्याखेरीज कोणीही जाणूनबुजून हा नंबर बदलणे बेकायदा ठरवले होते, आणि असा नंबर बदलणे आजही बेकायदाच आहे. आम्हालाही कोणीतरी तसे सुचवले होते. आम्ही तो मोबाईल तसाच घरी आणला. आता तो घड्याळ म्हणून गल्ल्याजवळ पडून असतो.