जपानांतील वीज-इंजिनियरांची संस्था

नामांकित संशोधकांचीं चरित्रें आपण आवडीनें वाचतों. परंतु त्यांनीं मिळविलेली विद्या जतन करून पुढील पिढीच्या हातीं देणाऱ्या संस्थांकडे आपलें लक्ष क्वचितच जातें. म्हणून जपानांतील अशा एका संस्थेचा इतिहास आम्ही येथें थोडक्यांत देत आहों.

ता. २५ मार्च १८७८ रोजीं टोकियो येथें मध्यवर्ती तारऑफिसच्या उद्घाटनाप्रीत्यर्थ मेजवानी होती. त्या प्रसंगीं सरकारी इंजिनियरिंग कॉलेजांतील इंग्रज अध्यापक विल्यम एअर्टन यांनीं विद्यार्थ्यांच्या साहाय्यानें विजेचा दिवा पेटविला. हे एअर्टन पूर्वीं हिंदुस्थानच्या तारखात्यांत नोकरीस होते. ता. २५ मार्च हा दिवस जपानांत विजेचा स्मरणदिन म्हणून अद्यापि पाळतात.

एअर्टन यांचा शिष्य शिदा रिंझाबुरो हा १८७९ सालीं पदवीधर झाला. पुढें ग्लासगो येथें विल्यम टॉमसन, म्हणजेच लॉर्ड केल्विन, यांच्यापाशीं अध्ययन करून तो १८८३ सालीं स्वदेशीं परतला व अध्यापक झाला. परंतु वर्गांत शिकविलेली विद्या वर्गाच्या भिंतींतच राहिली, तर देशास तिचा लाभ कितीसा होणार? तारखातें, कारखाने व कॉलेज यांतील माणसें एकत्र यावयास हवीं होतीं. शिदाच्या पुढाकारानें १८८८ सालीं 'देंकी गाक्काई', म्हणजे वीज-विद्येची संस्था, स्थापन झाली. दळणवळणमंत्री एनोमोतो ताकेआकि हे पहिले अध्यक्ष झाले. वीस वर्षांपूर्वीं ह्याच गृहस्थांनीं नव्या सरकाराविरुद्ध शस्त्र धरून पुढें बंदिवास भोगिला होता! संस्थेचें मासिक त्याच वर्षीं जपानी भाषेंत निघूं लागलें.

आरंभींच्याच सभेंत शिदानें भविष्याचें चित्र रेखाटलें: तारेवांचून संदेश जातील, विजेच्या बळावर गाड्या व नावा चालतील, दूरचें दृश्य घरबसल्या दिसेल. मार्कोनीचे प्रयोग तेव्हां सुरूहि झाले नव्हते. शिदाला मात्र यांपैकीं बहुतेक कांहीं पाहावयास मिळालें नाहीं. १८९२ सालीं, वयाच्या अवघ्या ३६ व्या वर्षीं, तो निवर्तला. त्याची संस्था मात्र आजहि कार्य करीत आहे.

बालमित्रहो, यांतील बोध उघड आहे. एकट्यानें साठविलेलें ज्ञान त्याच्याबरोबरच जातें. वांटून दिलेलें ज्ञान मागें उरतें. आपणांस उमगलेलें गणित शेजारच्या सोबत्यास समजावून देणें, हीहि अशा संस्थेची लहानशी सुरुवातच होय, असें आम्हांस वाटतें.