घटका भरते म्हणजे काय?

‘त्याची घटका भरली’ असे आपण गोष्टींत वाचतो. पूर्वी घटका खरोखरच भरत असे. तांब्याच्या पातळ वाटीच्या बुडाला बारीक भोक पाडायचे आणि ती पाण्याने भरलेल्या घंगाळात तरंगत सोडायची. पाणी हळूहळू आत चढते आणि वाटी बुडते. बुडाली की एक घटका झाली, म्हणजे आजची २४ मिनिटे. मग टोला द्यायचा, वाटी रिकामी करायची आणि पुन्हा सोडायची. दिवसरात्र मिळून अशा ६० घटका. सूर्यसिद्धांतात या पात्राचे वर्णन आहे. सावलीचे घड्याळ रात्री आणि ढगाळ दिवशी निकामी, वाटीला मात्र सूर्य लागत नाही.

गळक्या भांड्यापेक्षा ही वाटी मला हुशारीची वाटते. गळक्या भांड्यात पातळी उतरली की दाब कमी होतो आणि धार मंदावते. तरंगती वाटी आत पाणी येईल तशी खाली जाते. कडा सरळ असतील तर आतल्या आणि बाहेरच्या पातळीतला फरक जवळजवळ सारखाच राहतो. (आर्किमिडीजचा नियम लावून पाहा.)

आता आपल्या कामाचे. ‘पहारा’ हा शब्द ‘प्रहर’वरून आला. प्रहर म्हणजे तीन तास असे आपण पाठ करतो, पण जुन्या पद्धतीत दिवसाचे चार आणि रात्रीचे चार प्रहर असत आणि रात्रीबरोबर तेही लहानमोठे होत. दिल्लीत डिसेंबरअखेरची रात्र सुमारे १३ तास ४० मिनिटांची, म्हणजे प्रहर साधारण साडेआठ घटकांचा. जूनमध्ये तोच सव्वासहा घटकांचा. ऐन थंडीतच पहारा लांब!

बाबराने ‘बाबरनामा’मध्ये दुसरीच अडचण लिहिली आहे. घटकांचे टोले ऐकू येत, पण झोपेतून जागा झालेल्याला प्रहर कोणता चालू आहे ते कळत नसे. म्हणून रात्री आणि ढगाळ दिवशी घटकांनंतर प्रहराचेही टोले द्यावेत, असा हुकूम त्याने काढला.

आम्ही तिघांनी वर्कशॉपमध्ये स्टीलच्या वाटीला १ मिलिमीटरचे भोक पाडले. स्टॉपवॉच लावून तीनदा मोजले. दर वेळी वीस मिनिटांच्या आसपास, फरक काही सेकंदांचाच. २४ मिनिटांसाठी भोक अजून बारीक हवे. तेवढे बारीक ड्रिल उस्ताद शोधून देणार आहेत.