कुत्र्याची पट्टी घरी करायची, तर किती खर्च येतो?

शेतावरच्या कुत्र्याला तारेचं कुंपण लागतं, पायात बाभळीचा काटा किंवा काच घुसते. चुडाव्यासारख्या गावात प्रत्येक ओरखड्यासाठी गाडी करून नांदेड गाठायची गरज नसते. वरवरची, छोटी जखम घरी सांभाळता येते. त्याचा हा हिशेब. दर अंदाजे आहेत, दुकानागणिक थोडे बदलतील.

मेडिकलमधून काय आणायचं?
- कापूस, छोटं पाकीट : ३० ते ४० रुपये
- गॉजची पट्टी : एक गुंडाळी १५ ते २५ रुपये, आठवड्याला ४ धरा
- पोव्हिडोन आयोडिन : ५० ते ८० रुपये
- चिकटपट्टी : ४० ते ६० रुपये

म्हणजे आठवड्याचा खर्च १८० ते २८० रुपये. छापील किमतीपेक्षा जास्त कोणी मागितलं तर देऊ नका. बिल घ्या, तक्रार १९१५ या ग्राहक हेल्पलाइनवर करा.

फुकटात काय होतं?
जखम धुवायचं पाणी घरीच करा : अर्धा लिटर उकळून कोमट केलेलं पाणी आणि एक सपाट छोटा चमचा मीठ. चाटू नये म्हणून गळ्यात घालायची कॉलर विकत २०० ते ५०० रुपयांना पडते. जाड पुठ्ठ्याचीही करता येते.

पट्टी कशी करायची?
दुखऱ्या कुत्र्याचा भरवसा नसतो, म्हणून घरच्या कुणाला तरी त्याला धरायला सांगा. रक्त येत असेल तर स्वच्छ कापड ५ मिनिटं न उचलता दाबून धरा. भोवतीचे केस कापा, जखम धुवा. आयोडिन पाण्यात मिसळून फिक्या चहाच्या रंगाचं करून लावा. वर गॉजची घडी, मग कापूस, मग पट्टी. बोटांच्या फटींतही थोडा कापूस ठेवा. पट्टीखाली दोन बोटं सहज गेली पाहिजेत. पंजा सुजला किंवा गार लागला तर लगेच सोडा. पट्टी रोज किंवा दिवसाआड बदला. भिजली तर तेव्हाच.

फिनेल, रॉकेल, चुना, जळकं ऑइल लावू नका. माणसांच्या दुखण्याच्या गोळ्या देऊ नका. कुत्र्याच्या जिवावर बेततं.

इथे काटकसर नको
१० मिनिटांत रक्त थांबत नाही, जखम उघडी पडली आहे, छाती-पोटावर आहे, पू किंवा किडे दिसतात, तर सरकारी पशुवैद्यकीय दवाखाना गाठा किंवा १९६२ वर फोन करून सेवा आणि शुल्क विचारा. मोठ्या उपचारांसाठी परभणीचं पशुवैद्यकीय महाविद्यालय आहे. दुसऱ्या कुत्र्याने चावल्याची जखम धुवा, पण पट्टीत झाकून ठेवू नका. रेबीजच्या लसीचं डॉक्टरांना त्याच दिवशी विचारा. पट्टी करताना तुम्हालाच दात लागला, तर साबणाने १५ मिनिटं धुऊन सरकारी रुग्णालयात जा. तिथे ही लस मोफत मिळते.

पट्टीवर तीनशे रुपयांच्या आत भागतं. दोन-तीन दिवसांत जखम सुकताना दिसली नाही, तर पुढची गुंडाळी आणण्याऐवजी डॉक्टरांकडे जा.