आधी स्वॅब, मग गोळी

काल रात्री फोनवर तुझा आवाज रडवेला झाला होता. “ताई, लेकाचा एएसओ ४०० आलाय. त्याच्या हृदयाला काही झालं असेल का गं?” पंधरा वर्षं लॅबमध्ये काढली मी. असे रिपोर्ट हातात धरून रडणाऱ्या कितीतरी आया पाहिल्यात. म्हणून फोनवर घाईत राहिलेलं आज सावकाश सांगते.

हा सगळा खेळ स्ट्रेप्टोकॉकस नावाच्या जंतूचा. सूक्ष्मदर्शकाखाली तो मण्यांच्या माळेसारखा दिसतो. घशात बसणाऱ्या त्याच्या जातीला ‘ग्रुप ए’ म्हणतात. शरीर त्याच्याशी लढताना जे प्रतिद्रव्य तयार करतं, ते एएसओच्या तपासणीत मोजतात. ते वाढायलाच आठवडाभर लागतो, तीन ते पाच आठवड्यांनी ते सर्वांत जास्त असतं आणि मग काही महिन्यांत हळूहळू उतरतं. म्हणजे हा आकडा मागे होऊन गेलेल्या संसर्गाची खूण आहे. आज घशात जंतू आहे की नाही, हे तो सांगत नाही, आणि हृदयाचं तर मुळीच नाही. रिपोर्टवर २०० ची मर्यादा छापलेली असली, तरी शाळेत जाणाऱ्या मुलांमध्ये त्याहून जास्त आकडा बरेचदा सापडतो. तुझा लेक खेळतोय, जेवतोय, त्याला ताप नाही, सांधे दुखत नाहीत. मग नुसत्या आकड्यावर पेनिसिलिनची इंजेक्शनं सुरू करायची नसतात.

खरी तपासणी घसा दुखत असतानाच करायची. सर्दी, नाक गळणं, खोकला, बसलेला आवाज असेल तर ते बहुतेक विषाणूचं दुखणं असतं. मिठाच्या कोमट पाण्याच्या गुळण्या आणि विश्रांती त्याला पुरते. पण खोकला नाही, अचानक चांगला ताप, गिळताना कळ, टॉन्सिलवर पांढरे ठिपके, जबड्याखाली दुखऱ्या गाठी, आणि मूल पाच ते पंधरा वर्षांचं, असं जुळून आलं की डॉक्टरांना विचार, “घशाचा स्वॅब घ्यायचा का?”

स्वॅब म्हणजे कापसाचं टोक असलेली काडी. दोन्ही टॉन्सिल आणि घशाची मागची भिंत यांवर ती फिरवतात. जीभ, गाल टाळतात. मूल ओकारी काढतं, पण पाच सेकंदांत काम होतं. मग लॅबमध्ये मेंढीचं रक्त घातलेल्या लाल थाळीवर तो नमुना पसरतात आणि उबेत ठेवतात. हा जंतू असला तर दुसऱ्या दिवशी बारीक ठिपके उगवतात आणि त्यांच्याभोवतीचं रक्त विरघळून स्वच्छ कडं दिसतं. ते कडं मी पहिल्यांदा पाहिलं तेव्हा अंगावर काटा आला होता. इतकासा जीव, आणि रक्त असं फोडतो!

रिपोर्टला एक-दोन दिवस लागतात. तुमच्या बोदवडहून नमुना भुसावळ-जळगावला पाठवावा लागला तरी घाबरू नकोस. घसा दुखायला लागल्यापासून नऊ दिवसांच्या आत योग्य औषध सुरू झालं, तरी पुढचा, सांधे आणि हृदय धरणारा संधिवाताचा ताप टळतो. काही ठिकाणी दहा-पंधरा मिनिटांत उत्तर देणारी रॅपिड टेस्टही मिळते. फक्त एक कर. मेडिकलवरून दोन गोळ्या आणून आधीच देऊ नकोस. अर्धवट औषधाने जंतू थाळीवर उगवत नाही आणि रिपोर्ट खोटाच ‘निगेटिव्ह’ येतो. रिपोर्ट पॉझिटिव्ह आला आणि डॉक्टरांनी दहा दिवसांचं औषध लिहिलं, तर दहा दिवसच दे. तिसऱ्या दिवशी मूल अंगणात धावायला लागलं म्हणून बाटली फडताळात ठेवायची नाही.

एवढं का सांगते? माझ्या वर्गातली एक मैत्रीण होती. पाचवीत तिचे गुडघे सुजले, मग घोटे. ‘वाढीचं दुखणं आहे’ म्हणून तेल चोळलं. सांधे बरे झाले. पहिल्या बाळंतपणात जिना चढताना तिला धाप लागली, तेव्हा कळलं की हृदयाची झडप अरुंद झाली आहे. तिला लहानपणी झाला होता तो संधिवाताचा ताप. घसा दुखून दोन-तीन आठवड्यांनी तो येतो. सांधे बरे होतात, पण झडपेवरचा व्रण राहू शकतो. कधी मुलीच्या हातातून वस्तू पडतात, अक्षर बिघडतं, हातपाय आपोआप हलतात, आणि घरचे तिला धांदरट म्हणून रागावतात. तेही याच आजाराचं लक्षण असू शकतं. अशा वेळी मात्र एएसओ, ईसीजी आणि टूडी इको करायलाच हवेत. आजार पक्का ठरला, तर पेनिसिलिनचं इंजेक्शन दर तीन आठवड्यांनी, अनेक वर्षं. ते एकदाही चुकवायचं नाही.

औषध जुनं आहे गं. आपल्या पिंपरीच्या हिंदुस्थान अँटिबायोटिक्समध्ये १९५५ सालीच पेनिसिलिन तयार होऊ लागलं. औषध हाताशी असूनही आपण उशीर करतो, याचंच मला वाईट वाटतं. राष्ट्रीय बाल स्वास्थ्य कार्यक्रमाचं पथक शाळेत, अंगणवाडीत येतं, त्यांच्या यादीत संधिवाताचा हृदयरोगही आहे. त्या दिवशी लेकाला घरी ठेवू नकोस, आणि शेजारच्या पोरींनाही पाठवायला सांग.

आता असं कर. तो रिपोर्ट घेऊन बालरोगतज्ज्ञांकडे जा, छाती तपासून घे, मनातलं सगळं विचार. आणि पुढच्या वेळी लेकाचा घसा असा लाल झाला, तर जावईबापूंनाही सांगून ठेव: आधी स्वॅब, मग गोळी.