डोळ्यातील मसूर

प्रश्न : मोतीबिंदूच्या शस्त्रक्रियेनंतर वडिलांच्या कागदावर ‘स्यूडोफेकिया’ असा शेरा मिळाला. कोशात ‘स्यूडो’ म्हणजे खोटा असे आढळले. भिंग बनावट तर नाही ना?

उत्तर : आपण धास्तावलात हे स्वाभाविक आहे, परंतु हा शेरा रोगाचा वा लबाडीचा दाखला नसून, नैसर्गिक भिंग काढून त्याच्या जागी कृत्रिम भिंग बसविले आहे, एवढ्याच वस्तुस्थितीची ती नोंद होय. ग्रीक भाषेत ‘फाकोस’ म्हणजे मसूर; दोन्ही अंगांनी फुगीर अशा नेत्रभिंगास त्या दाण्याचे नाव मिळाले, आणि लॅटिन ‘लेन्स’चाही मूळ अर्थ मसूरच, म्हणजे ही भारदस्त परिभाषा मुळात मुदपाकखान्यातली! ज्या डोळ्यात जन्मजात भिंग शाबूत तो ‘फेकिक’, ज्यातून ते काढून जागा रिक्त ठेवली तो ‘एफेकिक’. पूर्वीच्या वृद्धांच्या नाकावर डोळे विलक्षण मोठे दाखविणारा, सुमारे दहा नंबरचा जो जाड चष्मा दिसे, तो या दुसऱ्या वर्गाचा. १९४९ साली लंडनच्या सेंट टॉमस रुग्णालयात हॅरॉल्ड रिडली यांनी, युद्धातील वैमानिकांच्या डोळ्यांत घुसलेल्या विमानाच्या पारदर्शक प्लास्टिकच्या कपच्या डोळा निमूट सोसतो हे हेरून, त्याच जातीच्या द्रव्याचे भिंग बसविले, आणि ‘स्यूडोफेकिक’ हा तिसरा वर्ग अस्तित्वात आला. मराठीत मी ‘मिथ्या’ न म्हणता ‘कृत्रिमभिंगी नेत्र’ म्हणेन. कागदावर ‘पीसीआयओएल’ ही अक्षरे असल्यास भिंग डोळ्याच्या रंगीत पडद्यामागे (आयरिसमागे) आहे असे समजावे. भिंगाचा नंबर छापलेली चिठ्ठी मात्र दप्तरी जपून ठेवावी.